कासचं कुंपण आणि सीतेची आसवं: एका प्रकरणाचा अभ्यास

कास पठारावरचं कुंपण हा विषय साताऱ्यात कोणाला नवा नाही, लावलं तेव्हाही चर्चा झाली आणि काढलं तेव्हाही झाली, पेपरात बातम्या आल्या, व्हॉट्सअॅपवर वाद झाले. पण त्या सगळ्यात एक गोष्ट कायम मागे पडली असं मला वाटतं. ज्या फुलांसाठी हे सगळं चाललंय त्यातलं एखादं फूल नक्की जगतं कसं, त्याला काय लागतं आणि काय चालत नाही, हे कोणी नीट मांडत नाही. म्हणून हे प्रकरण मी एका फुलाच्या बाजूने लिहितोय, सीतेच्या आसवांच्या. निळं, करंगळीच्या नखाएवढं, वीतभर काडीवर आलेलं फूल. शास्त्रीय नाव युट्रिक्युलेरिया, आणि कासवर जी गालिच्यासारखी पसरते ती बहुतेक करून युट्रिक्युलेरिया परप्युरासेन्स ही जात. रंग निळा की जांभळा यावर लोक भांडतात, माझं म्हणणं असं की ढगाळ हवेत ते निळंच दिसतं आणि ऊन आलं की जांभळट होतं, त्यामुळे दोघंही बरोबर.

आधी जागा समजून घेऊ, कारण सगळं तिथेच अडलंय. साताऱ्याहून यवतेश्वरचा घाट चढून बामणोलीच्या रस्त्याला लागलं की साधारण 25 किलोमीटरवर कास येतं, उंची समुद्रसपाटीपासून 1200 मीटरच्या आसपास. खाली सगळा काळा कातळ, म्हणजे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा बेसॉल्ट, आणि त्याच्यावर टोपी घातल्यासारखा जांभा. हा जांभा कसा झाला तर लाखो वर्षं पाऊस पडून पडून दगडातलं विरघळणारं सगळं वाहून गेलं आणि लोखंड आणि अॅल्युमिनियम तेवढं मागे राहिलं. म्हणून तो लाल आणि म्हणूनच तो झाडाच्या दृष्टीने कंगाल. नायट्रोजन जवळपास नाही, जो काही थोडा फॉस्फरस असतो तो लोखंड धरून ठेवतं आणि सोडत नाही. वरती माती म्हणाल तर कुठे बोटभर, कुठे वीतभर, कुठे नुसताच दगड. जूनपासून सप्टेंबरपर्यंत धो धो पाऊस आणि पाणी खाली मुरायला जागा नाही, त्यामुळे सगळ्या पठारावर पाण्याचा एक पातळ थर सतत हळूहळू सरकत असतो. आणि नोव्हेंबर आला की तेच पठार तापलेल्या तव्यासारखं कोरडं. अशा जागी मोठं झाड उभं राहूच शकत नाही, कडेच्या खोबणीत आणि उतारावर जंगल आहे, पण माथा मोकळाच. लोकांना वाटतं की इथे कोणीतरी झाडं तोडली असतील. नाही, हे पठार असंच आहे आणि असंच राहायला पाहिजे.

आता फूल. सीतेच्या आसवांना मूळच नसतं, अगदी खरोखर नसतं. जमिनीत केसासारखे बारीक धागे पसरलेले असतात, ती खोडंच, पानं म्हणावं तर बारीकशी, गवताच्या पात्यासारखी आणि फूल येईपर्यंत बऱ्याचदा दिसेनाशी झालेली. मग हे खातं काय? तर त्या बारीक धाग्यांवर मिलिमीटरपेक्षाही लहान पिशव्या असतात. एकदा दुसऱ्या एका सड्यावर, म्हणजे जांभ्याच्या उघड्या पठारावर, रस्त्याच्या कामात उपटून पडलेलं ओलं ढेकूळ मिळालं होतं, ते बशीत पाणी घालून हळूहळू सोडवलं आणि भिंगाखाली धरलं तेव्हा त्या पिशव्या दिसल्या, पारदर्शक, मोहरीपेक्षा कितीतरी लहान, प्रत्येकीला एका बाजूला झडप आणि झडपेशी बारीक केस. काहींच्या आत काळपट ठिपका होता, म्हणजे कोणीतरी आत अडकून पचत होतं. मी ते तासभर बघत बसलो होतो, चहा गार झाला.

ही पिशवी चालते कशी हे पण सांगतो कारण प्रकरणाशी त्याचा थेट संबंध आहे. पिशवी आतलं पाणी सतत बाहेर फेकत राहते, त्यामुळे तिच्या भिंती आत दबतात, ताण तयार होतो. पाण्यात फिरणारा एखादा सूक्ष्म जीव झडपेजवळच्या केसाला लागला की झडप उघडते, पिशवी फटकन फुगते आणि पाण्याबरोबर तो जीव आत ओढला जातो. डार्विनने 1875 मध्ये यावर लिहिलं तेव्हा त्याला वाटलं होतं की हे जीव स्वतःच डोकं घालून आत शिरतात, ओढून घेण्याचा प्रकार नंतर कळला. 2011 मध्ये फ्रान्समधल्या लोकांनी हायस्पीड कॅमेरा लावून पाण्यात वाढणाऱ्या जातींवर मोजलं तर हा सगळा खेळ एका सेकंदाच्या हजाराव्या भागापेक्षाही कमी वेळात संपतो असं निघालं. झाडांच्या जगात एवढ्या वेगाच्या हालचाली फार थोड्या. आणि हे सगळं कशासाठी, तर जांभ्यात न मिळणारा नायट्रोजन आणि फॉस्फरस मिळवायला.

यातून दोन गोष्टी निघतात आणि त्या लक्षात ठेवा. एक म्हणजे पिशवी पाण्याशिवाय चालत नाही, ओल्या मातीतल्या बारीक जागांमध्ये पाणी भरलेलं असेल तरच शिकार. दुसरी म्हणजे हे सगळं यंत्र फक्त गरीब जमिनीत फायद्याचं आहे. जमीन सुपीक झाली की मुळं असलेली, भराभर उंच जाणारी गवतं पुढे निघून जातात आणि वीतभराचं हे झाड त्यांच्या सावलीत मरतं. इतर ठिकाणी झाडं जगावीत म्हणून आपण खत घालतो, इथे खत हेच संकट.

आता प्रकरण. कासची ख्याती वाढायला लागली ती गेल्या वीस-पंचवीस वर्षांत. त्याआधी वनस्पतीशास्त्राचे लोक यायचे, कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठातले डॉ. एस. आर. यादव यांच्यासारखे, पठारावरच्या डबक्यातली वायतुरा ही अपोनोजेटॉन साताऱ्याच्या नावाने जगाला कळली ती 1982 मध्ये, त्यात त्यांचा हात होता. साताऱ्यातल्या काही फूलवेड्या डॉक्टरांनी, शिक्षकांनी लोकांना फुलं दाखवली, नावं सांगितली. मग डिजिटल कॅमेरे आले, मग मोबाईल, मग फेसबुक. पुण्या-मुंबईहून शनिवार-रविवारी गाड्यांची रांग. गाड्या थेट पठारावर घालायच्या, फुलांत लोळून फोटो काढायचे, डबा तिथेच खायचा आणि प्लास्टिक तिथेच टाकायचं. जुलै 2012 मध्ये युनेस्कोने पश्चिम घाटातली 39 ठिकाणं जागतिक वारशात घेतली, त्यात महाराष्ट्रातली चार, कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी. त्या शिक्क्याने गर्दी आणखी वाढली.

त्या काळात वन विभागाने जे केलं ते त्या वेळेला कोणीही केलं असतं. पठार राखीव वनात आहे, मग रस्त्याच्या बाजूने आणि मुख्य फुलांच्या भागाभोवती तारेच्या जाळीचं कुंपण घातलं, आत चराई बंद केली, फी लावली, गाड्या लांब पार्क करायला लावल्या. आसपासच्या गावांची, म्हणजे कास, कासाणी, आटाळी, एकीव वगैरे, संयुक्त वन व्यवस्थापन समिती करून कामकाज त्यांच्याकडे दिलं. नंतर ऑनलाइन बुकिंग आलं, दिवसाला 3000 माणसांची मर्यादा आली. यातल्या बऱ्याच गोष्टी चांगल्या होत्या आणि आजही चांगल्या आहेत हे आधीच स्पष्ट सांगतो, कारण कुंपणाविरुद्ध बोललं की लोकांना वाटतं की आपण गर्दीच्या बाजूचे. गावातल्या पोरांना गाइडचं, पार्किंगचं, तिकिटाचं काम मिळालं. नाहीतर या भागातली माणसं मुंबईला माथाडी कामाला जाणार आणि गावात म्हातारे राहणार हे पिढ्यान् पिढ्या चालू आहे.

पण काही वर्षांत दुसरंच दिसायला लागलं. कुंपणाच्या आतलं गवत वाढलं, दाट झालं, आणि जिथे निळे-पांढरे गालिचे असायचे तिथे ते तुटक तुटक व्हायला लागले. पांढरे म्हणजे गेंद, एरिओकॉलॉन, पांढऱ्या गोंड्यांचा, तो आणि सीतेची आसवं एकाच पाण्यात वाढतात म्हणून बरोबरच दिसतात आणि बरोबरच जातात. गावातली जुनी माणसं पहिल्यापासून सांगत होती की गुरं बंद केली म्हणून गवत माजलं आणि गवत माजलं म्हणून फुलं दबली. काही अभ्यासकही तेच म्हणत होते. गवे, भेकरं वगैरेंची ये-जा जाळीने अडते ही तक्रार वेगळीच. शेवटी साधारण दशकभराने ते कुंपण काढायला घेतलं. एवढंच प्रकरण, दोन ओळीत सांगता येतं. पण का झालं हे मात्र दोन ओळीत होत नाही.

सगळ्यात जास्त ऐकू येणारं स्पष्टीकरण असं की गुरांच्या शेणामुळे फुलांना खत मिळायचं, ते बंद झालं. हे मी पठारावर गाइडकडून ऐकलंय, फेसबुकवर वाचलंय, चांगल्या शिकलेल्या लोकांकडूनही ऐकलंय. सोनकीला किंवा तेरड्याला हे लागू असेल तर असो, पण सीतेच्या आसवांना हे अजिबात लागू पडत नाही, वर सांगितलं तसं खत म्हणजे तिच्या मुळावर येणारी गोष्ट. मग गुरं गेल्याने ती का कमी व्हावी?

माझ्या मते उत्तर गोठ्यात आहे. गुरं सकाळी पठारावर जातात, दिवसभर चरतात आणि संध्याकाळी गावात परत येतात. थोडंफार शेण पठारावर पडतंच, पण रात्रभराचं शेण गोठ्यात, ते सकाळी उकिरड्यावर आणि तिथून नाचणी-भाताच्या खाचरात. म्हणजे हिशोब बघा, पठारावरचं गवत, त्यातला नायट्रोजन, फॉस्फरस, सगळं रोज थोडं थोडं पोटात घालून गुरं खाली गावात नेत होती. शेकडो वर्षं. त्यामुळे पठार गरीब राहिलं आणि खाचरं पिकली. गुरं बंद झाली तेव्हा हे उतरणं थांबलं. गवत तिथेच वाढलं, तिथेच वाळलं, तिथेच आडवं पडलं, पुढच्या पावसात तिथेच कुजलं. दरवर्षी एक थर. बोटभर मातीवर असा कुजका थर साठायला लागला की जमीन हळूहळू सुधारते, आणि जमीन सुधारणं म्हणजे काय हे आपण बघितलंच.

दुसरं, उजेड. सीतेच्या आसवांचं बी म्हणजे धुळीचा कण, त्यात साठवलेलं अन्न नाहीच म्हटलं तरी चालेल. झाड वर्षायू, पाऊस संपला की मरतं आणि जूनपर्यंत फक्त बी राहतं, त्या तापलेल्या जांभ्याच्या पापुद्र्यात. पावसात ते रुजायला ओल हवी आणि वर उघडी जागा हवी. वाळक्या गवताची चटई अंथरलेली असेल तर त्या कणातून आलेला कोंब वर येणार कसा? चरलेल्या जमिनीत अशा उघड्या जागा पावलोपावली असतात. खुरांचे ठसे पण त्यातच धरा, ओल्या मातीत खुराचा खळगा पडला की त्यात पाणी साठतं, आणि त्या खळग्याच्या कडेने निळी फुलं दाटीने आलेली मी पठारांवर बघितलीत, कोणी मुद्दाम वाफा केल्यासारखी.

तिसरं म्हणजे वणवा. वाळलेलं गवत कोणी खाल्लं नाही तर मार्च-एप्रिलमध्ये ते उभं जळण असतं. जाळरेषा काढतात, पण वाऱ्यावर ठिणगी गेली की संपलं. चरून आखूड राहिलेल्या गवतातनं आग पळत निघून जाते, साठलेल्या गवतात ती रेंगाळते आणि जमिनीचा वरचा पापुद्रा भाजते, ज्यात ते बी आहे.

आता यावर कोणी म्हणेल की मग गुरं सोडा म्हणजे झालं. तसंही नाही. एक तर गुरं उरलीत किती? ज्या गावांनी चराई बंद झाल्यावर जनावरं विकली, ज्यांच्या घरातली पोरं आता सीझनला पार्किंग सांभाळतात आणि बाकी वर्ष मुंबईत असतात, ती घरं कुंपण निघालं म्हणून उद्या चार म्हशी आणतील असं कोणाला वाटत असेल तर त्याने गावात जाऊन बघावं. गुरं राखायला माणूस लागतो. पहाटे उठणारा, पावसात इरलं किंवा प्लास्टिक डोक्यावर घेऊन दिवसभर उभा राहणारा. ती माणसं म्हातारी झालीत. कुंपण काढणं हे एका आदेशाचं काम असतं, चराई परत आणणं हे एका पिढीचं काम आहे, आणि त्यासाठी कोणी पैसे ठेवलेत असं मला दिसत नाही. तिकिटाच्या पैशातला काही भाग जनावरं पाळणाऱ्या घरांना मिळाला, दुधाला चांगला भाव मिळाला, तर काही होईल.

दुसरं, चराई कधी आणि किती हे पण महत्त्वाचं. माझी समजूत अशी की जून-जुलैत गवत कोवळं असताना आणि पुन्हा फुलं होऊन बी पडल्यावर, म्हणजे दिवाळीच्या आगेमागे, गुरं असणं फायद्याचं. ऑगस्टअखेर ते सप्टेंबर, फुलं उभी असताना, मुख्य भागातनं गुरं बाजूला ठेवलेली बरी. गुराखी पूर्वीही सगळीकडे एकदम चारत नसत, आज हा टप्पा उद्या तो, ओढ्याकडे कधी आणि वर कधी याचा त्यांचा हिशोब होता. तो कुठे लिहून ठेवलेला नाही, माणसांच्या डोक्यात आहे. तो विचारून घेण्याची वेळ आत्ता आहे.

आणि पर्यटक. पावलांनी काय होतं ते लोकांना कळत नाही कारण गवतावर चाललं की गवत परत उभं राहतं. सीतेच्या आसवांचा सगळा संसार मातीच्या वरच्या दोन-तीन सेंटिमीटरमध्ये असतो. ओल्या मातीवर बूट दाबला की मातीतल्या त्या बारीक पोकळ्या, ज्यात पाणी आणि ते सूक्ष्म जीव असतात, त्या बंद होतात. एका माणसाने फरक पडत नाही, पण एकाच जागी सेल्फीसाठी दिवसभरात शेकडो माणसं उभी राहिली की ती जागा घट्ट होते, पाणी वरून वाहून जातं आणि पुढच्या वर्षी तिथे टाकळा किंवा तसलंच काहीतरी येतं. खुरानेही माती दबते हे खरं, पण गाय एका जागी रांग लावून उभी राहत नाही, ती चालत राहते आणि तिचं पाऊल सगळीकडे विखुरतं. त्यामुळे रस्त्याच्या बाजूने, जिथे माणसं उतरतात तिथे, अडसर हवाच याबद्दल माझ्या मनात शंका नाही. सीझनपुरती दोरी, सीझनपुरती जाळी, ठरलेली पायवाट आणि तिथे उभा असलेला गावातला माणूस. वर्षभराचं, सगळ्या बाजूंनी बंद, गुरांना आणि गव्यांना पण अडवणारं कुंपण ही वेगळी गोष्ट आहे. माणसांच्या त्रासावर काढलेला उपाय गुरांवर लावला गेला, माझ्या मते चूक नेमकी तिथे झाली.

एक गोष्ट मात्र कुंपणाच्या वादात पूर्ण विसरली गेली ती म्हणजे पाणी. आधी म्हटलं की पठारावर पाण्याचा थर सरकत असतो. रस्ता रुंद केला, बाजूला गटार खणलं, पार्किंगसाठी मुरूम टाकून जागा सपाट केली, कोणी बांधकामासाठी जेसीबी लावून कडेला चर मारला, की त्या थराची वाट बदलते. वरच्या बाजूला पाणी तुंबतं, खालच्या बाजूला पठार लवकर कोरडं होतं. सीतेच्या आसवांना फुलायला ओल सप्टेंबरभर टिकायला लागते, पंधरा दिवस आधी पठार वाळलं तर फूल येऊन बी धरायच्या आत झाड संपतं. साताऱ्याच्याच चाळकेवाडीच्या पठारावर हे नीट बघता येतं, तिथे पवनचक्क्या आहेत आणि प्रत्येक पवनचक्कीपर्यंत रस्ता आहे. रस्त्याच्या वरच्या अंगाला आणि खालच्या अंगाला काय उगवलंय ते पावसाळ्यात चालत जाऊन बघा, वेगळं सांगायला लागणार नाही. आजही तिथे फुलं येतात, छान येतात, पण तुकड्या-तुकड्यात.

हे फक्त कासचं नाही. खाली कोकणात रत्नागिरी, राजापूर, देवगडच्या सड्यांवर हीच कुळी वाढते, जाती थोड्या वेगळ्या, तिथे निळ्या-पांढऱ्या रंगाची अल्बोसेरुलिया बघण्यासारखी असते. डॉ. अपर्णा वाटवे यांनी या सड्यांवर, पठारांवर कितीतरी वर्षं काम केलंय, सरकारी कागदावर ज्याला पड जमीन म्हणतात ती किती भरलेली असते हे त्यांच्यासारख्यांमुळे लोकांना कळायला लागलं. प्रा. एम. के. जनार्दनम (पुढे गोवा विद्यापीठात) आणि ए. एन. हेन्री यांनी भारतातल्या युट्रिक्युलेरियांचा सगळा अभ्यास एकत्र केला, तो 1992 मध्ये भारतीय वनस्पती सर्वेक्षणाने छापला, आजही जात ओळखायला तोच उपयोगी पडतो. पण सड्यावर कुंपणाचा प्रश्नच नाही, तिथे जागाच जाते. चिऱ्याच्या खाणीत जाते, सुरुंगाने खड्डे मारून बाहेरची माती भरून हापूसची कलमं लावतात त्यात जाते, प्लॉटिंगमध्ये जाते. गोव्यात मोपाच्या पठारावर विमानतळ झाला, डिसेंबर 2022 ला उद्घाटन. आंब्याला किंवा विमानतळाला माझा विरोध असा सरसकट नाही, पण सडा म्हणजे रिकामी जागा असं धरूनच हिशोब सुरू होतो याला आहे. केरळात कण्णूरजवळ माडायिपारा नावाची जांभ्याची टेकडी आहे, तिथे याच कुळीतलं निळं फूल ओणमच्या रांगोळीत घालतात, काक्कापू म्हणतात, आणि ऑगस्ट-सप्टेंबरला ती सगळी टेकडी निळी होते. तिथली माणसं त्या टेकडीसाठी खाणीविरुद्ध लढलीत. सण त्या फुलाला जोडलेला आहे म्हणून असेल. आपल्याकडे सीतेच्या नावाने फूल आहे पण सणात त्याला जागा नाही.

परत कासकडे. कुंपण निघाल्यावर पहिल्या पावसापासूनच लोक विचारायला लागले, मग फुलं वाढली का? हा प्रश्न असा विचारताच येत नाही. एक तर पाऊस दरवर्षी वेगळा, जुलैत उघडीप पडली तर त्या वर्षी निळा रंग कमीच, सप्टेंबरपर्यंत झड लागली तर ऊन नाही म्हणून फुलं उशिरा. टोपली कारवी सात वर्षांनी फुलते, त्या वर्षी पठाराचे फोटो वेगळेच येतात, त्याची तुलना आदल्या वर्षाशी करण्यात अर्थ नाही. आणि दहा वर्षं साठलेला थर एका वर्षात जात नाही. दोन वर्षांचे फोटो शेजारी ठेवून फेसबुकवर जे निकाल लावतात त्यांना माझी विनंती आहे की थोडा दम धरा.

त्यापेक्षा एक करता येण्यासारखं आहे आणि त्याला फार पैसा लागत नाही. एक मीटर बाय एक मीटरच्या चौकटी, कायमच्या जागी, चार कोपऱ्यात खिळे मारून. काही जिथे गुरं येतात तिथे, काही जिथे अजून येत नाहीत तिथे, काही रस्त्याच्या वरच्या अंगाला आणि काही खालच्या. दरवर्षी गणपती बसल्यापासून दसऱ्यापर्यंत, आठवड्यातून एकदा, त्या चौकटीत निळ्या काड्या किती, गेंद किती, गवत किती उंच आणि माती ओली की कोरडी एवढंच वहीत लिहायचं. हे काम समितीतली पोरं करू शकतात, त्यांना फुलं येणाऱ्या-जाणाऱ्या अभ्यासकांपेक्षा जास्त माहीत आहेत, आणि पाच-सहा वर्षं झाली की चराईचं वेळापत्रक त्या वहीवरून ठरवता येईल. तोपर्यंत दोन गोष्टी नक्की करता येतात, त्याला कोणत्याही वहीची वाट बघायला नको. पार्किंग पठारापासून लांबच ठेवायचं, कितीही गर्दी झाली तरी मुरूम टाकून नवीन जागा काढायची नाही. आणि रस्त्याचं काम निघालं की आधी पावसात तिथे उभं राहून पाणी कुठून कुठे जातं ते बघायचं, त्याच्या आड येईल तिथे मोरी टाकायची, नळ एवढा रुंद आणि एवढा खाली की पाणी एका धारेत न जाता पसरून जाईल. मोरी चुकीच्या उंचीवर बसली तर खालचा सगळा पट्टा सप्टेंबरच्या आत कोरडा होतो. पहिल्या चौकटी मी तर राजमार्ग म्हणतात त्या पठारावरच्या जुन्या वाटेवर, कुमुदिनी तळ्याकडे जाताना लागणाऱ्या सपाट टप्प्यावर लावीन. तिथे पाणी सगळ्यात शेवटी आटतं, आणि गाडी जात नाही.